'अस्सल' : कागदाच्या विशेषणाची पार्श्वभूमी

कोल्हापुरात 'अस्सल' हा शब्द पावलोपावली भेटतो. तांबड्या-पांढऱ्या रश्श्याच्या पाटीवर तो असतो, चप्पल ओळीतल्या दुकानांवर असतो आणि 'मी आहे तसाच आहे' असे ठणकावणाऱ्या तरुणांच्या बोलण्यातही अलीकडे असतो. मुळात मात्र हे माणसाचे विशेषण नव्हेच. अरबी 'अस्ल', म्हणजे मूळ, या शब्दापासून आलेला 'अस्सल' मराठी कारभारात रुळला तो कागदपत्रांसाठी. मोडी दप्तरात अस्सल वेगळे आणि नक्कल वेगळी. अस्सल कोणते हे शिक्क्यावरून, हस्ताक्षरावरून, थोडक्यात दुसऱ्या कुणाच्या तरी साक्षीवरून ठरे.

माणसाच्या खरेपणाची कसोटीही अशीच बाहेरची होती. १८९९ च्या सुमारास याच शहरात वेदोक्त प्रकरण पेटले, तेव्हा राजर्षी शाहू महाराजांचे क्षत्रियत्व नाकारून त्यांचे विधी वेदांतील मंत्रांऐवजी पुराणोक्त मंत्रांनी करण्याचा आग्रह पुरोहितांनी धरला. गादीवर बसलेल्या राजालाही 'मी कोण' याचे उत्तर वंशावळीतून आणि मंत्रांच्या अधिकारातूनच सिद्ध करावे लागत होते. त्याला स्वतःविषयी काय वाटते, हा प्रश्न त्या वादात कुणी विचारलाही नाही.

खरे 'स्व' आत दडलेले असते आणि समाज त्यावर मुखवटा चढवतो, ही कल्पना युरोपात अठराव्या शतकात बळावली. विचारवंत रूसोचे आत्मकथन त्याच्या मृत्यूनंतर १७८२ पासून प्रसिद्ध होऊ लागले, त्यात त्याने स्वतःचे दोषही उघडे केले ते याच श्रद्धेने. पुढे जर्मन तत्त्वज्ञ हायडेगरने १९२७ मध्ये आणि नंतर फ्रेंच तत्त्वज्ञ सार्त्रने या कल्पनेला तत्त्वज्ञानाचा साज दिला. १९७२ मध्ये अमेरिकी समीक्षक लायनेल ट्रिलिंगने नेमका फरक सांगितला : प्रामाणिकपणात माणूस इतरांशी खोटे वागू नये म्हणून स्वतःशी खरा राहतो, अस्सलपणात मात्र स्वतःशी खरे असणे हेच साध्य बनते. आपल्याकडचे 'बोले तैसा चाले' पहिल्या प्रकारात मोडते. जाहिरातदारांनी दुसरा प्रकार उचलला, यात नवल नाही. २०२३ मध्ये मेरियम-वेब्स्टर या अमेरिकी शब्दकोशाने 'ऑथेंटिक', म्हणजे अस्सल, हाच वर्षाचा शब्द निवडला.

वस्तूंच्या बाबतीत जुनी, कागदी कसोटी अजून टिकून आहे. भौगोलिक मानांकनाच्या, म्हणजे वस्तूचे नाव तिच्या मूळ प्रदेशाशी बांधणाऱ्या, १९९९ च्या कायद्याखाली कोल्हापुरी चपलेची नोंद झाली, ती महाराष्ट्रातील चार आणि कर्नाटकातील चार जिल्ह्यांसाठी मिळून. त्यामुळे बेळगाव जिल्ह्यातल्या अथणीत शिवलेली चप्पलही कायद्याने अस्सल कोल्हापुरीच ठरते; चप्पल ओळीत हौसेने आलेल्या गिऱ्हाइकाला ते बहुधा पटत नाही.