न्यूयॉर्कची मेट्रो सगळी जमिनीखाली? अजिबात नाही

पुण्यात कर्वे रोडवर मेट्रोचे खांब उभे राहिले तेव्हापासून एक वाक्य ऐकतोय, न्यूयॉर्कला बघा सगळं जमिनीखाली, आपल्यालाच मेली खांबांची हौस! अहो तिथं आजही साधारण 40 टक्के ट्रॅक जमिनीवर नाहीतर खांबांवर आहे, क्वीन्स, ब्रुकलिन, ब्रॉंक्स या शहराच्या भागांमध्ये दुकानांच्या डोक्यावरून गाड्या धडधडत जातात.

आणि सुरुवात तर उलटीच झाली, भुयारी सबवे आली 27 ऑक्टोबर 1904 ला, खांबांवरच्या गाड्या त्याच्या तीसेक वर्षं आधीपासून धावत होत्या, त्याही वाफेच्या इंजिनावर, म्हणजे खालून चालणाऱ्याच्या टोपीवर राख आणि निखारे (आपले लोक तर कोर्टात गेले असते). 1900 नंतर या गाड्यांना वीज मिळाली.

मग हा गैरसमज आला कुठून? मॅनहॅटन या शहराच्या मुख्य भागामुळे. तिथले जुने खांब 1938 पासून पाडत गेले, थर्ड अव्हेन्यूवरची लाईन 1955 ला बंद झाली, आणि पर्यटक फिरतात मुख्यतः तिथंच.

बाकी पुण्यातही पिंपरी-स्वारगेट लाईनवरची शिवाजीनगर, सिव्हिल कोर्ट, कसबा, मंडई, स्वारगेट ही स्टेशनं भुयारीच आहेत की, पेठांमधून खांब नेणार होते का?