ओतीव फुलं की कोरीव ठसा?

ऑक्सफर्डमध्ये सतराव्या-अठराव्या शतकात छापलेलं पुस्तक उघडलं की प्रकरणाच्या डोक्यावर बहुधा वेलबुट्टीची पट्टी दिसते. आपण तिला सरसकट लाकडी ठसा म्हणून मोकळे होतो. पण बऱ्याचदा ती ठसा नसते, तर ओळीत जुळवलेले खिळे, म्हणजे छपाईचे धातूचे सुटे ठोकळे असतात.

पट्टीवर भिंग धरून पाहा. सारख्या अंतरावर केसाएवढी फट दिसली आणि तेच पान, तीच कळी पुन्हा पुन्हा आली, तर ती ओतीव फुलं. अक्षराचा खिळा जसा साच्यात ओततात, तसंच हे फूलही ओतलेलं असतं. खिळे जुळवणारा जुळारी ते उभं, आडवं, उलटं कसंही बसवतो आणि त्याच चार-दोन खिळ्यांतून नवी नक्षी काढतो. हात घाईत असला की एखादं फूल चुकीच्या दिशेला तोंड करून बसतं. मला तर अशी चुकलेली फुलंच जास्त आवडतात.

या फुलांची गंमत सोळाव्या शतकातल्या रोबेर ग्रांजों या फ्रेंच कारागिराने ओळखली होती. त्याची अरबी वळणाची फुलं एकमेकांना जोडली की सलग वेल तयार होते. पुढे ऑक्सफर्डचे धर्मगुरू जॉन फेल यांनी १६७०च्या दशकात ऑक्सफर्डच्या छापखान्यासाठी हॉलंडमधून पंच (आकार कोरलेले पोलादी ठोकळे) आणि मातृका (त्यांच्यावरून केलेले, खिळे ओतायचे साचे) मागवल्या. त्या संग्रहात ग्रांजोंचंही काम होतं. १६८६ साली फेल वारले आणि सगळं विद्यापीठाकडे गेलं.

लाकडी ठशाचं तसं नाही. तो एकसंध असतो, त्यात सांधा सापडत नाही आणि डावी-उजवी बाजू हुबेहूब सारखी क्वचितच येते. त्याची उंची खिळ्याएवढीच ठेवलेली असल्याने तो मजकुराबरोबर एकाच दाबात छापला जातो. मात्र त्याची रुंदी ठरलेली. ओळ लहान-मोठी झाली तर फुलं कमी-जास्त करता येतात, ठसा ताणता येत नाही. शिवाय लाकूड तडकतं, किड्यांनी पोखरलं जातं. हीच भेग अभ्यासकांच्या कामी येते. एका पुस्तकात ती बारीक आणि दुसऱ्यात रुंद दिसली, तर आधी कोणतं छापलं याचा अंदाज बांधता येतो. छापखान्याचं नाव नसलेल्या पुस्तकाचा मालकही अशा ठशावरून शोधतात. फुलांवरून तसं करणं धोक्याचं, कारण एकाच मातृकेतून ओतलेली फुलं कितीतरी छापखान्यांकडे असायची. पुढे ठशांच्याही धातूच्या प्रती ओतू लागले, त्यामुळे ठशाची साक्षही तपासूनच घ्यावी.

ठसा आणि खिळा एकाच चौकटीतही भेटतात. काही ठशांच्या मधोमध चौकोनी भोक असतं. त्यात हवं ते अक्षर बसवलं की प्रकरणाचं नक्षीदार पहिलं अक्षर तयार.

क्लॅरेंडन यांनी लिहिलेल्या, इंग्लंडमधल्या बंडाच्या इतिहासातली (१७०२–०४) नक्षी मात्र ओतीव फुलं आणि लाकडी ठसा या दोन्हींत बसत नाही. मायकेल बर्गर्स यांनी ती तांब्यावर कोरली. अशा पत्र्याला वेगळं, रुळांचं यंत्र लागतं, म्हणजे तेच पान दोनदा छापायचं. खर्चिक काम! कडेला पत्र्याचा दाब उमटला असेल तर तो बोटालाही लागतो.

फेल यांच्या संग्रहातली फुलं आज फॉन्टमध्येही मिळतात. इजिनो मारिनी यांनी अक्षरांबरोबर तीही संगणकावर आणली आहेत. कळफलकावरची कळ दाबली की फूल उमटतं, आणि ओळ हवी तेवढी लांबवता येते.