भाषिक समाज : मराठवाडा

एकच भाषा बोलणाऱ्यांचा गट म्हणजे भाषिक समाज, अशी सोपी व्याख्या केली तर मराठवाड्याच्या एखाद्या आठवडी बाजारात ती तासाभरातच मोडून पडते. देगलूरच्या बाजारातला व्यापारी गिऱ्हाईक पाहून मराठी, तेलुगू किंवा दखनी बोलतो. तो तीन वेगवेगळ्या समाजांत वावरतो असे त्याला वाटत नाही आणि गिऱ्हाइकालाही वाटत नाही. म्हणून समाजभाषाविज्ञानात भाषिक समाज ठरवताना भाषा मोजत नाहीत. कोण कोणाशी, कुठे, कसे बोलतो आणि त्याचा काय अर्थ लावला जातो, ते पाहतात. जॉन गंपर्झ यांनी माणसांमधल्या नित्याच्या संपर्काला महत्त्व दिले. विल्यम लबॉव्ह यांनी न्यूयॉर्क शहराच्या अभ्यासातून दाखवले, की लोकांचे प्रत्यक्ष बोलणे वेगवेगळे असले तरी कोणते बोलणे प्रतिष्ठेचे, याविषयीचा त्यांचा निवाडा बहुधा सारखाच असतो. मराठवाड्यातला बाजार गंपर्झ यांच्या विचाराने उलगडतो. शाळा आणि कचेरी समजून घ्यायला लबॉव्ह अधिक उपयोगी पडतात.

मराठवाडा हा विभाग १७ सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होता. संस्थानातील बहुसंख्य लोक तेलुगू, मराठी आणि कन्नड बोलणारे. राज्यकारभार मात्र आधी फारसीत आणि १८८० च्या दशकापासून उर्दूत चाले. १९१८ मध्ये स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दू होते. त्यामुळे शिकलेल्या मराठी माणसाच्या दोन-तीन पिढ्या घरात मराठी, कचेरीत उर्दू आणि हिशेबाला मोडी लिपी अशा विभागणीत वाढल्या. सार्वजनिक सभांवर निर्बंध घालणारे फर्मान मराठवाड्यातील जुन्या लोकांच्या तोंडी ‘गश्ती निशान ५३’ (परिपत्रक क्रमांक ५३) याच नावाने राहिले. विरोध मराठीत झाला, पण ज्याला विरोध करायचा त्याचे नाव सरकारी उर्दूतच उरले.

१९५६ च्या राज्यपुनर्रचनेत सीमा भाषेच्या आधारे आखल्या गेल्या. उदगीर, निलंगा आणि अहमदपूर हे तालुके बिदर जिल्ह्यातून इकडे आले, किनवट आदिलाबादकडून आला, तर नांदेडचा मुधोळ भाग तेलंगणाकडे गेला. रेषा आखताना बहुसंख्येची भाषा पाहिली जाते. रेषेवरच्या गावांत दोन-दोन भाषा बोलणारी घरे असतात आणि ती तशीच राहिली. सांगलीजवळच्या कुपवाड गावात गंपर्झ आणि विल्सन यांना आढळले होते, की तिथल्या मराठी, कन्नड आणि उर्दूत शब्द आपापले असले तरी वाक्यरचना जवळजवळ एकसारखी झाली आहे. कुपवाड मराठवाड्यात नाही, पण देगलूर-उदगीर-उमरगा या पट्ट्यात कान देऊन ऐकणाऱ्याला ते निरीक्षण ओळखीचे वाटेल.

उर्दू कारभाराचा सर्वांत टिकाऊ ठसा महसुलाच्या भाषेवर आहे. सेतवार, खासरा पत्रक, पाहणी पत्रक, गिरदावर, पेशकार, नक्कल हे शब्द तलाठी आणि शेतकरी दोघांच्याही रोजच्या वापरात आहेत. जमिनीच्या वादात ‘सेतवार काढून आण’ असे म्हटले की निजामकाळातील मोजणीपर्यंत मागे जायचे हे निरक्षर माणसालाही कळते. २०२३ मध्ये कुणबी नोंदी शोधण्यासाठी न्या. संदीप शिंदे समिती नेमली गेली, तेव्हा ही जुनी भाषा अचानक ऐरणीवर आली. मोडी आणि उर्दू वाचू शकणाऱ्यांचा शोध सुरू झाला. आजोबा-पणजोबांची जात कोणत्या शब्दाने नोंदली, हे नातवाला स्वतः वाचता येत नाही, अशी परिस्थिती हजारो घरांत होती.

‘मराठवाडी बोली’ हा शब्द सोयीचा आहे, पण अशी एक बोली दाखवता येत नाही. प्रमाण मराठीतल्या ‘काय करतो आहेस?’ला मोठ्या भागात ‘काय करायलास?’ म्हणतात. लातूर-धाराशिवकडे तेच ‘काय करूलालास?’ होते, आणि जालन्याच्या बुलढाण्याकडील भागात वऱ्हाडी वळणाचे ‘करून ऱ्हायला’ कानी पडते. कन्नड आणि सोयगाव तालुक्यांकडे अहिराणीची सावली आहे. ‘का’ऐवजी परभणी-हिंगोलीकडे ‘कामून’ येते. पुण्या-मुंबईच्या नाटक-मालिकांत मात्र या सगळ्यांचे मिश्रण करून विनोदी गड्याच्या तोंडी घालतात. त्यातला ‘बे’ कोणी, कोणाला, किती जवळीक असेल तर म्हणायचा, हे त्या लेखकांना ठाऊक नसते. बरोबरीच्या मित्रांत तो आपुलकीचा आहे. मोठ्या माणसाला म्हटला की भांडण ठरलेले.

या फरकांपेक्षा अधिक बोलका आहे तो एकाच माणसाच्या बोलण्यातला फरक. शेतात ‘पानी’ म्हणणारा तहसील कार्यालयात गेला की ‘पाणी’वर येतो, निदान प्रयत्न करतो. ‘न’ आणि ‘ण’ यांच्यातली ही अदलाबदल मराठीत शिक्षण आणि जात ओळखण्याची खूण मानली गेली आहे, आणि ती सर्वांना माहीत असल्यामुळेच बोचते. जो ‘पानी’ म्हणतो तोही ‘पाणी’च शुद्ध मानतो. लबॉव्ह यांचा सिद्धांत इथे अगदी घरगुती रूपात दिसतो.

दखनी ही मराठवाड्यातील मुसलमानांची बोली म्हणून ओळखली जाते. तीत वली आणि सिराज या औरंगाबादच्या कवींची मोठी परंपरा आहे. पण तिचा वापर एका धर्मापुरता नाही. बसस्थानक, गॅरेज, भाजीमंडई, कापडबाजार इथे ती सर्वांची आहे. मराठीतला जोर देणारा ‘च’ दखनीने पूर्ण पचवला (‘मैंइच गया था’), ‘नको’चा ‘नक्को’ केला. मराठीनेही तिच्याकडून भरपूर घेतले. दोन्ही बोलणारे लोक भांडणात मात्र पुष्कळदा आपापल्या घरच्या भाषेवर जातात, आणि समेटाच्या वेळी परत बाजारच्या भाषेवर येतात.

मराठवाड्यात गटाची ओळख सर्वांत आधी नमस्कारातून कळते. ‘राम राम’ हा सर्वसाधारण. वारकऱ्यांचा ‘राम कृष्ण हरी’, महानुभावांचा ‘दंडवत प्रणाम’, लिंगायतांचा ‘शरणू शरणार्थी’, बंजाऱ्यांचा ‘जय सेवालाल’, नांदेडच्या शिखांचा ‘सत् श्री अकाल’. यांतला कोणताही शब्द फक्त अभिवादन नसतो. समोरच्याने तोच शब्द परत दिला तर पुढचे बोलणे एका वाटेने जाते, वेगळा दिला तर दुसऱ्या.

या शब्दांत ‘जय भीम’चा इतिहास वेगळा सांगावा लागतो. महारांनी गावात वरिष्ठ जातींना ‘जोहार’ घालायचा, अशी रीत होती. चोखामेळ्याच्या अभंगात ‘जोहार मायबाप’ आहे. म्हणजे नमस्काराचा शब्दच माणसाची पायरी ठरवून देत होता. कामठीचे बाबू हरदास एल. एन. यांनी १९३० च्या दशकात ‘जय भीम’ रूढ केला, आणि १९५६ च्या धम्मदीक्षेनंतर तो गावोगाव पोहोचला. जोहार खालून वर घातला जाई, उत्तरात तोच शब्द परत येत नसे. जय भीमला उत्तर जय भीमच. हा व्याकरणाचा बदल नव्हता, पण गावाच्या रचनेला त्याचा धक्का बसला, आणि तो बोलल्याचा राग येणारेही होते. मराठवाडा विद्यापीठाच्या नामांतराचा ठराव २७ जुलै १९७८ रोजी झाला, दंगली उसळल्या, आणि प्रत्यक्ष नामविस्तार १४ जानेवारी १९९४ रोजी झाला. विद्यापीठाचा उल्लेख कोणी कसा करतो, ‘मराठवाडा विद्यापीठ’ की ‘बामू’ (नव्या नावाची इंग्रजी आद्याक्षरे), की बाबासाहेबांचे पूर्ण नाव घेऊन, यावरून बोलणाऱ्याचा अंदाज बांधणारी पिढी अजून आहे. संभाजीनगर-औरंगाबाद आणि धाराशिव-उस्मानाबाद या जोड्यांचेही तेच.

भाषा माणसांना जोडते तशी बाहेरही ठेवते. महानुभाव पंथात याचे जुने उदाहरण आहे. केशवराज सूरी संस्कृतात लिहू लागले तेव्हा नागदेवाचार्यांनी त्यांना अडवले. पंथातल्या म्हाताऱ्या बाया ज्ञानाला मुकतील, हा त्यांचा मुद्दा होता. पुढे त्याच पंथाने आपले ग्रंथ सकळ, सुंदरी अशा सांकेतिक लिप्यांत बंद केले आणि ते पंथाबाहेरच्या अभ्यासकांना विसाव्या शतकाच्या सुरुवातीपर्यंत वाचता आले नाहीत. मराठी सर्वांसाठी निवडली, लिपी मात्र आपल्यांपुरती ठेवली. पैठणच्या एकनाथांनी सोळाव्या शतकात भारुडांत जोशी, महार, गोंधळी यांचे आवाज घेतले आणि एका भारुडात फारसीने भरलेली दरबारी अर्जाची भाषाही वापरली. गटांच्या बोलीची इतकी नेमकी जाण त्यांच्याआधी क्वचितच दिसते.

तुळजापूरच्या भवानीचे गोंधळी करपल्लवी जाणतात. प्रेक्षकाने एकाच्या कानात सांगितलेला शब्द तो बोटांच्या खुणांनी जोडीदाराला कळवतो. नांदेड जिल्ह्यातल्या माळेगावच्या यात्रेसारख्या जनावरांच्या बाजारात रुमालाखाली बोटे दाबून बैलाची किंमत ठरते आणि शेजारी उभ्या असलेल्यालाही ती कळत नाही. भटक्या जमातींच्या गुप्त बोलीला पारुशी म्हणतात. कैकाडी आणि वडार घरात अनुक्रमे तमिळ आणि तेलुगूच्या नात्यातल्या बोली बोलतात, पारधी गुजरातीच्या नात्यातली. ब्रिटिश मुलखातल्या १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याच्या आणि त्या धर्तीवरील संस्थानी नियमांच्या काळात अशा बोलीच संशयाचे कारण ठरत. पोलिसांना न समजणारी भाषा म्हणजे चोरांची भाषा, हा तर्क हास्यास्पद आहे, पण त्यावर माणसे तुरुंगात गेली.

बंजारा तांड्यात ‘गोर’ म्हणजे आपला आणि ‘कोर’ म्हणजे बाहेरचा. आईला याडी म्हणतात. गोरबोली राजस्थानी नात्याची असूनही तिच्यावर मराठीचा थर चढला आहे; तांड्याबाहेर शिकलेली मुले मराठी बोलतात, आजीशी मात्र गोरबोलीतच बोलतात. जनगणनेत ही बोली हिंदीच्या खाली गणली जाते. तांड्यातल्या कोणालाही विचारले तर तो हिंदी बोलतो असे म्हणणार नाही. किनवट-माहूर भागातल्या गोंडी आणि कोलामी या द्रविड भाषांची नोंद स्वतंत्र होते, पण बोलणारे कमी आणि शाळा मराठीत, त्यामुळे त्यांचा पाया ढासळतो आहे.

व्यवसायाची भाषा बीडच्या ऊसतोड कामगारांत सर्वांत ठळक दिसते. दिवाळीच्या सुमारास टोळ्या पश्चिम महाराष्ट्र आणि कर्नाटकाकडे निघतात. मुकादमाकडून घेतलेली आगाऊ रक्कम ती उचल. ऊस तोडायचा तो फड, बांधायची ती मोळी, वरचा हिरवा भाग वाढे, राहायची ती कोपी. कामाला न आलेला दिवस खाडा, आणि तो उचलीतून वळता होतो. कारखान्याचा हंगाम संपला की ‘पट्टा पडला’. या शब्दसंग्रहात नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ मोजला जातो. एकटा माणूस ‘अर्धा कोयता’. उचल बहुधा नवऱ्याच्या नावे. बाई ऊस तोडते, मोळी बांधते, डोक्यावर वाहते आणि हिशेबात कोयत्याच्या अर्ध्या भागात बसते. कारखान्याचा हिशेबनीस आणि मुकादम दोघेही हीच मोजणी सहज वापरतात, म्हणून ती कोणाला खटकत नाही.

बायकांच्या बोलण्याचे नियम घरातही वेगळे होते. नवऱ्याचे नाव न घेता ‘मालक’, ‘धनी’, ‘आमचे हे’ म्हणायचे आणि नाव घ्यायचे ते फक्त उखाण्यात. जात्यावरच्या ओव्यांत मात्र सासर, दीर, नणंद यांच्याविषयी जे बोलता येते ते ओसरीत उघड बोलता येत नसे.

लातूर, संभाजीनगर आणि नांदेडच्या खासगी शिकवण्यांत ग्रामीण भागातून आलेली मुले आता दोन वर्षे राहतात. वर्गात प्रमाण मराठी आणि इंग्रजी मिश्रित बोलणे, खोलीत ‘करायलो, जायलो’. याच मुलांनी मोबाइलवर बोलीतले विनोदी व्हिडिओ लोकप्रिय केले. ज्या ‘करूलालास’ची शाळेत लाज वाटत होती, तेच आता जाहिरातीत आणि निवडणूक प्रचारात विकले जाते. तरी नोकरीच्या मुलाखतीला जाताना ते मागेच ठेवले जाते, आणि घरून फोन आला की दारातच पुन्हा सुरू होते : ‘हाव माय, जेवायलोय.’