दर्या, दऱ्या आणि एक न दिसणारा सांधा

'संस्कृत आणि देवनागरी संगणकाला सर्वांत सोयीची, नासाचं शिक्कामोर्तब' हा फॉरवर्ड काही केल्या मरत नाही. १९८५ साली 'एआय मॅगझिन'मध्ये नासाच्या संशोधन केंद्रातले संशोधक रिक ब्रिग्ज यांचा एक लेख आला होता, त्याचं हे फुगवलेलं रूप. तो लेख होता संस्कृत व्याकरणाबद्दल, लिपीशी त्याचा काही संबंध नव्हता. आणि लिपीचंच म्हणाल, तर देवनागरी पडद्यावर उमटवताना संगणकाला इंग्रजीपेक्षा कितीतरी जास्त खटपट करावी लागते.

संगणक अक्षरं साठवत नाही, आकडे साठवतो. कुठल्या चिन्हाला कुठला आकडा, हे युनिकोड ठरवतं. १९९१ मध्ये त्याची पहिली आवृत्ती आली. देवनागरीच्या मुख्य गटाला त्यात १२८ जागा आहेत आणि त्यांची मांडणी 'इस्की' या भारतीय मानकावरून घेतलेली आहे. त्याआधी इंग्रजी अक्षरांच्या जागी मराठी आकार बसवलेले फाँट चालत. दुसऱ्याच्या संगणकात तोच फाँट नसला की पत्राचा कचरा व्हायचा.

पण आकडा म्हणजे आकार नव्हे, आणि खरी गंमत इथेच आहे. 'मार्मिक' घ्या. साठवताना क्रम असा: म, काना, र, पायमोड, म, पहिली वेलांटी, क. एकूण सात आकडे, सगळे उच्चाराच्या क्रमाने. पडद्यावर मात्र म-च्या आधीचा र रफार होऊन त्याच म-च्या डोक्यावर चढतो आणि म-नंतरची वेलांटी त्याच्या आधी येऊन बसते. ही उलथापालथ करणारा वेगळा प्रोग्रॅम असतो. क्रोम, फायरफॉक्स आणि अँड्रॉइडमध्ये 'हार्फबझ' हे काम करतो. तो आधी अक्षरसमूह तोडतो, त्यातलं मुख्य व्यंजन शोधतो, बाकीच्यांच्या जागा बदलतो आणि मग फाँटमधल्या तक्त्यांना विचारतो की या जोडीसाठी तुमच्याकडे जोडाक्षराचा आकार आहे का. हे सगळं प्रत्येक शब्दाला, आपण बोटाने पान सरकवत असताना.

आता मराठीचा खास पेच. र-चा पाय मोडून पुढे य आला की नियमाप्रमाणे रफार होतो: दर्या, म्हणजे समुद्र. मग डोंगरातल्या दऱ्या कशा लिहायच्या? तिथला आडवा र हिंदीला लागत नाही, आपल्याला मात्र 'ऱ्हस्व' लिहितानाही लागतो. युनिकोडने यासाठी ऱ, म्हणजे खाली टिंब असलेला र, वापरला. र-चा आकडा ०९३०, ऱ-चा ०९३१. ऱ-चा पाय मोडला की रफार न होता आडवा र होतो. एका आकड्याच्या फरकाने समुद्राची दरी!

इथवर ठीक. पण तोच आकार र, पायमोड आणि 'झिरो विड्थ जॉइनर' अशा क्रमानेही मिळतो. हा जॉइनर म्हणजे शून्य रुंदीचा, डोळ्यांना न दिसणारा सांधा. शेतकरी बाईचा इमोजीही यानेच जुळतो: बाई, सांधा, भाताची लोंबी. तिसरा मार्ग र-खाली नुक्ता, म्हणजे वेगळं साठवलेलं टिंब, देऊन पाय मोडण्याचा. तिन्ही 'दऱ्या' पडद्यावर हुबेहूब सारख्या, आत आकडे वेगळे. नुक्तावाला र आणि ऱ एकच मानायचे, असं युनिकोडचं प्रमाणीकरण सांगतं, पण सांध्याला ते हात लावत नाही. त्यामुळे शोधणाऱ्या प्रोग्रॅमने सांध्याकडे आपणहून दुर्लक्ष केलं नाही, तर समोर दिसणारा शब्दही 'सापडला नाही' असं उत्तर येतं. मतदारयादीत किंवा सातबाऱ्यात 'मोऱ्यांना' शोधणाऱ्याने हे लक्षात ठेवलेलं बरं.

इनस्क्रिप्ट कळफलकावर ऱ थेट आहे: शिफ्ट धरून जे. मग डी-वर पायमोड, पुढे य. सांध्याची गरजच नाही.