शाईचा अंगठा, काचेवरचा अंगठा

विदर्भातल्या खेड्यात अंगठ्याला कामं फार. राशनच्या दुकानात तो लागतो, बाजाराच्या दिवशी पैसे काढताना लागतो, शेत विकलं की दुय्यम निबंधकाच्या कचेरीतही लागतो. अंगठा तोच, पण ही कामं एका जातीची नाहीत. दस्तावरचा अंगठा ही सही आहे. ती दुसऱ्याने पाहावी म्हणूनच करायची असते. मशीनवरचा अंगठा ही किल्ली आहे, आणि किल्लीचा छाप कोणाच्या हाती लागू देऊ नये. आपल्याकडे या दोन्ही कामांना एकच बोट जुंपलं गेलं आहे.

सहीचं काम जुनं. १८५८ साली बंगालमधल्या जंगीपूरला विल्यम हर्शेल नावाच्या इंग्रज अधिकाऱ्याने राज्यधर कोनाई या ठेकेदाराच्या पंजाचा ठसा करारावर घेतला. पुढे त्याने ‘हा करार माझा नाही’ म्हणू नये, एवढाच हेतू. पुढे सावकाराच्या कागदावर अंगठा आला. १९०८ च्या नोंदणी कायद्यात २००१ साली कलम ३२-अ घातलं गेलं आणि दस्तासोबत फोटो आणि बोटांचे ठसे देणं सक्तीचं झालं. तोतया उभा करून दुसऱ्याचं वावर विकण्याला त्यामुळे आळा बसतो, म्हणजे तरतूद वाईट नव्हती. २०१० मध्ये आधार आलं आणि तेच बोट किल्ली झालं.

ही किल्ली चालते कशी? मशीनच्या काचेखालून प्रकाश सोडलेला असतो. बोटावरचा उंचवटा काचेला टेकतो तिथे तो प्रकाश परत येत नाही, म्हणून काळी रेघ उमटते. दोन उंचवट्यांमधल्या खाचेत हवा असते, ती जागा उजळ दिसते. दोन रेघांमध्ये साधारण अर्धा मिलिमीटर अंतर असतं आणि मशीन एका मिलिमीटरमध्ये सुमारे २० ठिपके टिपतं. मग रेघ कुठे संपते, कुठे दोन फाटे फुटतात, असे बिंदू शोधून ते आधारच्या नोंदीशी ताडले जातात. पुरेसे जुळले की होकार.

कापसाच्या मुलखात ही किल्ली अनेकदा लागतच नाही. वेच्याच्या दिवसांत बोंडाची वाळलेली टोकं बोटांना टोचतात, निंदणाने रेघा झिजतात, हिवाळ्यात कोरडी कातडी काचेला धड टेकत नाही. हात धुवून पुसावे, बोट किंचित ओलसर ठेवावं, काच फडक्याने साफ करायला लावावी आणि अंगठाच दाबत बसू नये: आधारच्या नोंदीत दहाही बोटं आहेत, कोणतंही चालतं. तरीही जमलं नाही तर केवळ ठसा जुळला नाही म्हणून धान्य नाकारू नये, अशी केंद्राच्या अन्न खात्याची २४ ऑक्टोबर २०१७ ची सूचना आहे. दुकानदाराला हे सांगावं लागतं, हा भाग वेगळा.

पैशाचा धोका मात्र राशनमध्ये नसून ‘एईपीएस’मध्ये, म्हणजे आधारवर पैसे काढण्याच्या सोयीत आहे. तिथे आधार क्रमांक, बँकेचं नाव आणि बोट, या तीनच गोष्टी पुरतात. पिन लागत नाही, ओटीपी येत नाही, आणि एका वेळी १०,००० रुपयांपर्यंत रक्कम निघते. बँकेची शाखा २०-२५ किलोमीटरवर असलेल्या गावाला ही सोय मोलाचीच आहे. ती बंद व्हावी असं म्हणणं शहाणपणाचं नाही.

गडबड दोन प्रकारे होते. पहिली साधी: मशीनवर पैसे काढून देणारा केंद्रचालक म्हणतो, “काकाजी, अंगठा लागला नाही, अजून एकदा ठेवा.” खरं तर पहिल्यांदाच पैसे निघालेले असतात. बोट ठेवण्याची प्रत्येक खेप हा वेगळा व्यवहार असतो, मग तो नुसती शिल्लक पाहण्याचा का असेना. म्हणून स्क्रीनवर रक्कम किती टाकली ते आधी पाहावं, आणि ‘लागला नाही’ म्हटल्यावर त्या फसलेल्या व्यवहाराची पावती मागावी. ती निघते.

दुसरी अवघड. २०१८ मध्ये तेलंगणात एका सिमकार्ड विक्रेत्याने जमिनीच्या दस्तांवरचे ठसे नोंदणीच्या संकेतस्थळावरून उचलले आणि रबरी शिक्के करण्याच्या तंत्राने नकली बोटं बनवली. ती त्याने सिम सुरू करायला वापरली. तीच युक्ती पुढे इतर राज्यांत खात्यांतून पैसे काढायला वापरली गेली. २०२३ मध्ये आधार प्राधिकरणाने ठशाचे बिंदू आणि बोटाचं पूर्ण चित्र दोन्ही तपासून बोट जिवंत आहे का हे ओळखणारी चाचणी आणली. मशीनही बदलली: जुन्या प्रकारात ठसा कोणाला वाचता येऊ नये म्हणून सांकेतिक रूपात कुलूपबंद करण्याचं काम जोडलेल्या मोबाइल किंवा संगणकात व्हायचं, नव्या ‘एल-१’ प्रकारात ते मशीनच्या आतच होतं. यामुळे चोराचं काम अवघड झालं, पण दस्तावरचा ठसा आहे तिथेच आहे. पासवर्ड फुटला तर बदलता येतो, बोट कसं बदलणार?

आता कायदा. २४ ऑगस्ट २०१७ ला सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायमूर्तींनी एकमताने सांगितलं की खासगीपणा हा मूलभूत हक्क आहे. त्या नऊ जणांत आपल्या नागपूरचे शरद बोबडेही होते. त्यानंतर सहा वर्षांनी, ऑगस्ट २०२३ मध्ये डिजिटल वैयक्तिक माहिती संरक्षण कायदा झाला; नियम यायला नोव्हेंबर २०२५ उजाडला, आणि त्यातल्या मुख्य जबाबदाऱ्या त्यानंतर १८ महिन्यांनी, म्हणजे मे २०२७ मध्ये लागू व्हायच्या आहेत. माहिती घेणाऱ्याने ती कशासाठी हवी ते सांगायचं, मागितल्यास मराठीतही सांगायचं, माहिती फुटली तर ज्याची फुटली त्याला कळवायचं. दंड २५० कोटी रुपयांपर्यंत.

आकडा मोठा आहे, पण खेड्यातून पाहिलं तर या कायद्याला मोठी भोकं आहेत. आधारची कागदी झेरॉक्स त्यात येत नाही; तिचा फोटो काढून केंद्रचालकाने संगणकात ठेवला की येते. दुसऱ्या एखाद्या कायद्यामुळे जी माहिती जाहीर करावी लागते तिलाही हा कायदा लागू नाही, आणि दस्तावरच्या ठशाचा प्रश्न नेमका तिथे अडकतो. ठशासाठी वेगळा, कडक वर्गही नाही. बोट आणि फोन नंबर एकाच पंक्तीत बसवले आहेत. सरकारी योजनांचा लाभ देताना सरकारला प्रत्येक वेळी संमती घ्यावी लागत नाही. आणि तो २५० कोटींचा दंड जातो सरकारी तिजोरीत. ज्याचं नुकसान झालं त्याला भरपाई मागण्याची माहिती तंत्रज्ञान कायद्यातली कलम ४३-अ ची वाट हा कायदा पूर्ण लागू झाला की बंद होते. हे शेवटचं सगळ्यात खटकणारं आहे.

तोवर किल्लीला कुलूप घालणं आपल्या हातात आहे. आधारच्या संकेतस्थळावर किंवा आधारच्या ॲपमध्ये ‘बायोमेट्रिक लॉक’ असतो. त्यासाठी आधारला मोबाइल नंबर जोडलेला हवा. लॉक असताना बोट, डोळा, चेहरा काहीच चालत नाही. गरजेला १० मिनिटांपुरता उघडता येतो. पुण्याला कामाला गेलेल्या पोराने तो लावून ठेवावा. पण दर महिन्याला राशनला बोट लावणाऱ्या आजीला, आणि मेळघाटात किंवा गडचिरोलीतल्या एटापल्लीकडे जिथे ओटीपीच पोचत नाही तिथे, हा लॉक डोकेदुखी ठरतो.

अशांसाठी दुसरा मार्ग बरा: बँकेत अर्ज देऊन आपल्या खात्यावरची एईपीएस सोय बंद करून घ्यायची. राशनची तपासणी वेगळ्या वाटेने होते, ती चालू राहते. अनुदान, पेन्शन खात्यात जमा होतच राहतं. फक्त बोटावर पैसे निघणं थांबतं. दोन खाती असतील तर ज्यात कापसाचे, तुरीचे पैसे येतात त्याची सोय बंद ठेवावी आणि थोड्या पैशांच्या खात्यावर चालू ठेवावी. झेरॉक्स द्यावी लागली तर पहिले आठ अंक झाकलेलं आधार द्यावं, ते आधारच्याच संकेतस्थळावर मिळतं. मागच्या सहा महिन्यांत आपला ठसा कुठे कुठे वापरला गेला ती यादीही तिथेच दिसते, जास्तीत जास्त ५० नोंदी.

आणि पैसे गेलेच तर दिवस मोजायचे. आधी १९३० या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन, मग बँकेत लेखी तक्रार. चूक तिसऱ्याच कोणाची असेल आणि बँकेचा संदेश आल्यापासून तीन कामकाजी दिवसांत कळवलं, तर खातेदाराचं नुकसान शून्य धरायचं, हा रिझर्व्ह बँकेने ६ जुलै २०१७ ला घालून दिलेला नियम आहे. चौथ्या ते सातव्या दिवशी काही रक्कम आपल्या अंगावर येते. त्यानंतर बँकेच्या धोरणावर. दोष खातेदाराचा होता हे सिद्ध करणं बँकेचं काम आहे. “ठसा तुमचाच आहे” असं शाखेत ऐकवलं जातं, पण ठसा जुळणं आणि बोट तिथे असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे अर्जात लिहावं. त्या वेळी आपण कुठे होतो तेही लिहावं, आणि पोच घेतल्याशिवाय खिडकी सोडू नये.