जॉन हॅन्सन अमेरिकेचे पहिले कृष्णवर्णीय अध्यक्ष? छे!

ओबामांच्या कितीतरी आधी, १७८१ मध्येच जॉन हॅन्सन नावाचे कृष्णवर्णीय गृहस्थ अमेरिकेचे पहिले राष्ट्राध्यक्ष झाले होते, असा मजकूर फोटोसह वर्षानुवर्षं फिरतो आहे. गोची फोटोतच आहे. १७८१ मध्ये अध्यक्ष झालेले हॅन्सन अमेरिकेतल्या मेरीलँड राज्याचे; ते वारले १७८३ मध्ये. छायाचित्रणाचं तंत्र जगापुढे आलं १८३९ मध्ये! फोटोतले हॅन्सन वेगळेच, आफ्रिकेतल्या लायबेरियाचे सिनेटर. मेरीलँडचे हॅन्सन गोरे जमीनदार होते आणि (हे त्या मजकुरात कधीच नसतं) त्यांनी स्वतः गुलाम बाळगले होते. राहिलं अध्यक्षपद. ते खरं, पण काँग्रेसचं, म्हणजे अमेरिकी राज्यांच्या प्रतिनिधींच्या सभेचं, एका वर्षापुरतं. राज्यकारभाराचे अधिकार जवळपास शून्य. शिवाय त्या खुर्चीत त्यांच्याआधी पेटन रँडॉल्फ, जॉन हँकॉक वगैरे मंडळी बसून गेली होती.