दर तोच की भर तीच?

"लोकसंख्या दरवर्षी दोन टक्क्यांनी वाढते, म्हणजे एकसारखी वाढते, म्हणजे रेषीय." हे वाक्य इतक्या उत्तरपत्रिकांत वाचलंय की आता लाल पेन आपोआप उचललं जातं. दुसऱ्या 'म्हणजे'पाशी घोटाळा आहे.

रेषीय वाढ सगळ्यांनाच येते. सरळव्याज. दरसाल तेवढीच रक्कम, पट्टीने आखल्यासारखा आलेख. पुढे चला.

घातांकी म्हणजे चक्रवाढ. इथेही कुणी अडत नाही. गाडी अडते ती 'स्थिर' या शब्दावर, कारण स्थिर काहीतरी दोन्हींत असतं. रेषीय वाढीत भर स्थिर असते, म्हणजे वर्षाला किती डोकी वाढली. घातांकीत दर स्थिर असतो, म्हणजे शेकडा किती वाढली. वाढत्या लोकसंख्येत दोन्ही एकदम स्थिर राहूच शकत नाहीत.

हजार वस्तीचं गाव घ्या. वर्षाला वीस माणसं वाढली तर सुरुवातीला दर २ टक्के. वस्ती दोन हजारांवर गेली की तीच वीस माणसं म्हणजे जेमतेम १ टक्का. रेषीय वाढीत दर सतत उतरत असतो, हे कुणाच्या लक्षातच येत नाही. उलट २ टक्के कायम धरले तर दोन हजारांच्या गावात वर्षाला चाळीस वाढतात. दहा वर्षांनी रेषीय गावात १,२०० माणसं, घातांकी गावात १,२१९. एवढा फरक आलेखात डोळ्यांनाही दिसत नाही, म्हणून तर गफलत खपून जाते. शंभर वर्षांनी मात्र ३,००० आणि सुमारे ७,२४५.

आता आपली जनगणना. १९६१ ला ४३.९ कोटी, १९७१ ला ५४.८, १९८१ ला ६८.३. शेजारच्या आकड्यांचा भागाकार करा: दोन्ही वेळा १.२५ च्या आसपास. भर मात्र ११ कोटींवरून साडेतेरा कोटींवर गेली. ही घातांकी चाल.

पुढे १९९१ ला ८४.६ कोटी, २००१ ला १०२.९, २०११ ला १२१.१. दशकाचा दर २१.५ वरून १७.७ टक्क्यांवर घसरला, आणि लोक म्हणू लागले, लोकसंख्या कमी होतेय. अहो, वजाबाकी करून बघा! दोन्ही दशकांत सव्वाअठरा कोटींच्या आसपास भर. दर घसरला, भर तशीच, म्हणजे ही वीस वर्षं जवळजवळ रेषीय. (तीन ठिपक्यांवरून मॉडेल ठरवू नये, हे मान्य.) जनगणनेत आकडा खरोखर खाली आला तो एकदाच, १९२१ ला. मधल्या दशकात इन्फ्लुएन्झाची साथ येऊन गेली होती.

झपाट्याने वाढणाऱ्या कशालाही 'घातांकी' म्हणण्याची फॅशन मला मुळीच आवडत नाही. वर्षाला ०.१ टक्का, पण कायम, ही कासवाची चालसुद्धा घातांकीच.

आणि दशकाचे २१.५ टक्के दहाने भागून "वर्षाला २.१५" लिहिणारे तर डोक्यातच जातात. १.२१५ चं दहावं मूळ काढा, दर येतो सुमारे १.९७ टक्के. चक्रवाढीच्या गणितात सरळव्याजाचा भागाकार!